नावावरची रेघ

विसरल्या गेलेल्या एखाद्या कलावंताचा ‘शोध लागला’ असं कुणी म्हटलं की मला शिसारी येते. शोध हरवलेल्या वस्तूचा लागतो. आमच्या काकू हरवल्या नव्हत्या. बहारीनमध्ये जुफैरच्या एका फ्लॅटमध्ये, खडखडणाऱ्या एसीसमोर पायांवर शाल घेऊन त्या बसलेल्या असायच्या, दुपारी दहीभात खायच्या आणि कुणी हाक मारली तर ओ द्यायच्या. फक्त हाक कुठल्या नावाने मारायची हा प्रश्न होता, आणि त्या नावापायी पुढे जे झालं ते आठवलं की अजून माझं तोंड कडू होतं. इथे मी त्यांचं नाव लिहिलेलं नाही. माझं नाव माझ्याशिवाय कुणी लिहायचं नाही, असं त्यांनीच मला बजावून ठेवलं होतं. मग बाकीच्यांची तरी कशाला लिहू? लिहावीत अशी त्यांची लायकीही नाही.

मी बहारीनला गेले ती सत्तरच्या दशकाच्या मध्यावर. नवरा जहाजदुरुस्तीच्या गोदीत इंजिनिअर होता. मी मुंबईत कमर्शियल आर्ट शिकलेली, तिथे एका भारतीय शाळेत ड्रॉइंग टीचर म्हणून लागले. आम्ही नईममध्ये राहायचो, खाली शिंप्याचं दुकान आणि वर आम्ही. चित्रकला शिकलेली बाई आली म्हटल्यावर तिथल्या मराठी मंडळाने गणपतीचं मखर माझ्या गळ्यात घातलं. परदेशातल्या मराठी माणसांना चित्रकाराचा उपयोग एवढाच, वर्षातून एकदा थर्माकोल कापायला. सेक्रेटरीबाई फोनवर म्हणाल्या, “यंदा मधोमध कमळ करू या आणि दोन्ही बाजूंना मोर. पण सिमेट्री पाहिजे हं, नाहीतर लोक बोलतात.”

मखराच्या कामाला मदत म्हणून बँकेतल्या एका बड्या अधिकाऱ्याची आई येऊन बसायची. नवरा गेल्यावर मुलाने पुण्याहून आणलेली, साठी ओलांडलेली बाई. गोरीपान, घारे डोळे, टोकदार नाक, सुती पाचवारी, बोलणं मोजकं. त्यांना पाहून मंडळाने त्यांची जात, गोत्र, तालुका सगळं परस्पर ठरवून टाकलं होतं. कोकणस्थ! विचारायची गरजच कुणाला वाटली नाही. सेक्रेटरीबाईंनी तर त्यांचं नाक आपल्या गुहागरच्या मावससासूंच्या नाकाशी जुळवलं होतं. काकूंचा ‘ळ’ ‘ल’कडे झुकायचा आणि ‘र’ जिभेवर जरा जास्तच फिरायचा, त्यावरही उत्तर तयार होतं, की कवळी सैल झालीय. कमी बोलतात, तर कोकणस्थच ते, हातातलं सोडायचे नाहीत, मग तो शब्द का असेना. यावर सगळे हसायचे. काकूही हसायच्या, आणि सगळ्यांत मोठ्याने त्यांचा मुलगा हसायचा.

पहिल्याच दिवशी माझं लक्ष त्यांच्या हातांकडे गेलं. पेन्सिलीची खूण न करता त्या कात्री चालवत होत्या, आणि खरं तर कात्री जागच्या जागी ठेवून कागद फिरवत होत्या. काळ्या कागदाचे त्रिकोण कापून त्यांनी पांढऱ्या थर्माकोलवर टाचले. एका बाजूला नुसती गर्दी, दुसरी बाजू मोकळी, आणि सगळे त्रिकोण कुठून तरी घरंगळत खाली येत असलेले. मी हातातलं काम टाकून बघत राहिले.

तेवढ्यात सेक्रेटरीबाई आल्या. “काकू, वाकडं लागलंय हो.”

“वाकडं नाही,” काकू म्हणाल्या. “पडतंय. पडू दे.”

बाईंनी “काय बाई तुमचं” म्हणत सगळं उपटलं आणि तिथे कमळ लावलं. काकू चिडल्या नाहीत. खाली पडलेले त्रिकोण त्यांनी वेचायला घेतले, आणि वेचताना ओठांतल्या ओठांत त्या मोजत होत्या. उनो, दोस, त्रेस. माणूस कुठलीही भाषा बोलत असला तरी मोजतो आपल्याच भाषेत. गुहागरला असं मोजत नाहीत एवढं मला कळत होतं.

“काकू, ही कुठली भाषा?” मी हळूच विचारलं.

“माझी,” त्या म्हणाल्या आणि मोजत राहिल्या.

पुढचं सगळं हळूहळू कळत गेलं. शाळा सुटली की मी जुफैरला त्यांच्याकडे जायला लागले. त्यांच्या खिडकीतून परदेशी आरमाराच्या तळाचं कुंपण दिसायचं, आणि सूनबाई नोकरीवर असायची, त्यामुळे दुपारभर घर आमचंच. काकू स्पेनच्या होत्या. तिथल्या एका मोठ्या शहरात, ऐन तरुणपणी, त्या चित्रकार होत्या. मूठभर पोरांचा गट होता. चित्र म्हणजे फळांची टोपली किंवा कुणा सरदाराचा चेहरा, हे त्यांना मोडून टाकायचं होतं. नुसते आकार, नुसता तोल, नुसतं पडणं रंगवायचं, असं त्यांचं म्हणणं. लोक प्रदर्शनात येऊन थुंकायचे, हे त्या फार अभिमानाने सांगायच्या. गटाने एक जाहीरनामा छापला, त्याखाली सगळ्यांनी सह्या केल्या, आणि सगळ्या सह्यांत मुलगी ही एकटीच. मग यादवी युद्ध पेटलं. कुणी मेलं, कुणी तुरुंगात गेलं. काकू पायी सरहद्द ओलांडून फ्रान्सला गेल्या, तिथून इंग्लंडला. तिथे इंजिनिअरिंग शिकणारा एक पुणेकर त्यांना भेटला.

पुण्यात लग्न लागलं. सासूबाईंनी होकार दिला तो एकाच अटीवर, की सून घरातलीच वाटली पाहिजे.

“लग्नात तुझ्या काकांनी ताटात तांदूल पसरले,” काकू सांगत होत्या, “आणि अंगठीने त्यात काहीतरी काढलं. मला वाटलं, या देशात नवरा लग्नात बायकोला चित्र काढून दाखवतो. किती छान लोक! रेघसुद्धा चांगली होती त्याची. मी वाकून वाकून बघत होते आणि सगले हसत होते. मला वाचता कुठे येत होतं? मागून कललं, ते चित्र नव्हतं. ती मी होते.”

मला हसू आलं नाही. माझंही नाव असंच तांदळात बदललेलं आहे, आणि ते लावताना मला आजही दुसऱ्याची चप्पल घातल्यासारखं वाटतं. पण मला निदान माहेर होतं. तिथे गेलं की जुन्या नावाने हाका मारणारी माणसं होती. काकूंना त्यांच्या नावाने हाक मारणारं जगात कुणी उरलेलं नव्हतं. पासपोर्टवर नवं नाव, रेशनकार्डावर नवं नाव. स्पेनमधून कुणी त्यांना शोधायला निघालं असतं तरी काय सापडणार होतं? तिकडे म्हणे बायका लग्नानंतरही आपलं आडनाव सोडत नाहीत. आपल्याकडे आडनाव तर जातंच, पण हाक मारायचं नावही घरचे लोक हौसेने बदलून टाकतात आणि वर सगळ्यांना पेढे वाटतात, हे तिकडच्या कुणाला स्वप्नातही सुचलं नसतं. बाँब, तुरुंग, सरहद्द या सगळ्यांतून ती मुलगी वाचली आणि पुण्यात एका ताटातल्या तांदळाने तिला नाहीसं केलं.

मुलाला यातलं पुष्कळ माहीत होतं. एकदा मी त्याच्यापाशी विषय काढला तर त्याने आधी दार लोटून घेतलं. “वहिनी, प्लीज. इथे बँकेत, मंडळात सगळ्यांना वाटतं आम्ही अस्सल पुणेरी. आता उगाच एक्स्प्लेन करत कोण बसणार? खलास, जुनं झालं ते.” आई समोर बसलेली होती. भिंतीत मुरलेल्या जुन्या गळतीबद्दल बोलावं तसा तो बोलत होता. त्याला आईचं मूळ नाव माहीत नव्हतं, हे मला त्याच दिवशी कळलं. आयुष्यात कधी विचारायचं सुचलं नव्हतं त्याला. त्या घरचा चहा त्या दिवशी मी अर्धा तसाच ठेवला.

ऐंशीचं दशक सुरू झालं तेव्हा कुणीतरी शाळेच्या लायब्ररीला परदेशी मासिकांचा जुना गठ्ठा दिला. त्यात स्पेनवर एक लेख होता. तिथला हुकूमशहा मरून काही वर्षं झाली होती, आणि त्याच्या काळात तळघरांत कोंबलेली चित्रं आता लोक बाहेर काढत होते. एका पानावर एक चित्र होतं. पांढरा कॅनव्हास, डावीकडे गर्दी, उजवीकडे मोकळं, आणि काळे त्रिकोण घरंगळत खाली येत असलेले. खाली छापलं होतं, ‘चित्रकार अज्ञात’. मी ते पान टरकन फाडलं. शाळेची मालमत्ता फाडू नये हे मी पोरांना रोज ऐकवायचे.

काकूंनी पान खिडकीजवळ नेऊन बघितलं. मग त्यांचं बोट चित्रावर नाही, खालच्या ‘अज्ञात’वर जाऊन टेकलं.

“हे माझं आहे,” त्या म्हणाल्या. “अगं, मला तिकडे जायचं नाही. हार नको, भाषण नको. ह्या चित्राखाली माझं नाव पाहिजे. मी जिवंत असताना. बास.”

त्या बाईने माझ्याकडे कधी वाटीभर साखरही मागितली नव्हती. त्याच संध्याकाळी मी मासिकाच्या पत्त्यावर पत्र टाकलं. उत्तर यायला पुष्कळ महिने गेले, पण आलं, आणि त्यानंतर एक विद्वान आला. स्पेनमधला कलेचा अभ्यासक, पूर्वेकडे कुठल्याशा परिषदेला निघालेला, वाटेत बहारीनला उतरणार होता.

तो येतोय म्हटल्यावर मुलाचा सूर एका रात्रीत बदलला. ज्याने दार लोटून घेतलं होतं तोच आता मंडळाच्या मीटिंगमध्ये “माय मदर इज अ युरोपियन मास्टर” म्हणून सांगत सुटला. आणि सेक्रेटरीबाई? त्यांनी एक क्षणही घेतला नाही. “मला वाटलंच होतं,” त्या म्हणाल्या, “ते नाक आपल्याकडचं नाहीच मुळी.” मला खरंच उठून त्यांच्या मावससासूचा फोटो मागवावासा वाटला.

विद्वान आला तो अत्तराचा भपका घेऊन. चुरगळलेला पांढरा कोट, गळ्यात कॅमेरा. त्याने वाकून काकूंच्या हाताचा मुका घेतला आणि भराभर स्पॅनिश बोलायला लागला. काकू उत्तर देत होत्या, पण चाळीस वर्षांत त्यांची भाषा एकटी पडली होती. मध्येच “म्हणजे” येत होतं, मध्येच “हो ना”. तो दर वेळी दात दुखल्यासारखा चेहरा करायचा. शेवटी तो मुलाकडे वळला आणि इंग्रजीत म्हणाला, “यांची भाषा खराब झालीय.” यांची! बाई हातभर अंतरावर बसलेली. मुलगा समजूतदारपणे मान डोलवत होता. मला दोघांनाही त्या एसीखाली तसंच गोठवून ठेवावंसं वाटलं.

भारतात काय रंगवलं, असं त्याने विचारलं. काकू म्हणाल्या, रांगोळी. त्याचे डोळे चमकले आणि त्याने काहीतरी टिपून घेतलं. मग त्याला काकूंचा फोटो हवा होता, साडीत, अनवाणी. सूनबाई धावत जाऊन ठेवणीतलं नारायणपेठ घेऊन आली. त्याने चकली उचलली, अर्धी खाल्ली आणि उरलेली अर्धी परत ताटलीत ठेवली. कामवालीचा ओला हात डब्याला लागला तरी घर डोक्यावर घेणारी सूनबाई ते बघून गोड हसली.

मग मुद्द्याची गोष्ट आली. त्याच्याकडे त्या जाहीरनाम्याची झेरॉक्स होती, खाली सगळ्या सह्या. गटाच्या एकुलत्या एका फोटोत ती मुलगी मान वळवून उभी होती, त्यामुळे चेहऱ्यावरून काही सिद्ध होत नव्हतं. “तेव्हा करत होता तशी सही करा,” तो म्हणाला. “जुळली की झालं. चित्राखाली तुमचं नाव लागेल.” मुलाने खिशातलं सोनेरी टोपणाचं पेन काढून दिलं. काकूंनी क्षणभर डोळे मिटले. या नावाची सही त्यांनी केली नव्हती त्याला माझ्या वयाएवढा काळ लोटला असेल. आम्ही सगळे त्यांच्या खांद्यावरून वाकलो.

आणि त्यांनी एका दमात लिहिलं. रोमन अक्षरं, उजवीकडे झुकलेली, पहिलं अक्षर थेट झेरॉक्समधल्यासारखं मोठं आणि माजोरडं. माझ्या डोळ्यांत पाणी आलं. पण शेवटचं अक्षर संपल्यावर त्यांचा हात थांबला नाही. तो उचलला गेला, परत डावीकडे गेला, आणि सगळ्या अक्षरांच्या डोक्यावरून त्याने एक सरळ रेघ ओढली.

शिरोरेषा. चाळीस वर्षं ती बाई वाण्याच्या यादीपासून मुलाच्या प्रगतिपुस्तकापर्यंत सगळं देवनागरीत लिहीत आलेली. शब्द लिहायचा आणि वर ओळ मारायची, हाताला दुसरं काही माहीतच नव्हतं. वयामुळे ती ओळ थोडी कापली आणि खाली उतरून अक्षरांच्या माथ्यांतून आरपार गेली. काकूंना त्याचा पत्ताही नव्हता. पेन खाली ठेवून त्या समाधानाने आमच्याकडे बघत होत्या.

विद्वानाचा चेहरा पांढरा पडला. त्याने कागद उचलला, काकूंकडे बघितलं, परत कागदाकडे बघितलं, आणि त्याच्या डोळ्यांत चक्क पाणी तरळलं. “खोडलं,” तो इंग्रजीत पुटपुटला. “लिहिलं आणि खोडलं.”

मी म्हटलं, “नाही हो, ती आमच्या लिपीतली ओळ आहे, प्रत्येक शब्दावर देतात.” त्याने माझ्या दंडावर हात ठेवला आणि म्हणाला, “मॅडम, मी काय पाहिलं ते मला कळतं.” मी पुन्हा तोंड उघडलं तर मुलगा म्हणाला, “वहिनी, तुम्ही मध्ये बोलू नका. इट्स अ सेन्सिटिव्ह मोमेंट.” कागद घडी होऊन बॅगेत गेलासुद्धा. काकूंना अलीकडे कमी ऐकू यायचं. “काय म्हणतोय?” त्यांनी विचारलं. “काही नाही आई, मॅच झालं,” मुलाने सांगितलं. काकूंनी माझा हात दाबला. मीही मनाशी म्हटलं, अक्षरं जुळलीच आहेत, घरी जाऊन शांतपणे बघेल तेव्हा उजेड पडेल डोक्यात.

संध्याकाळी त्या माणसाला प्राचीन कबरींचे ढिगारे बघायचे होते. मुलाने गाडी काढून त्याला हमद टाउन उभं राहत होतं तिकडे नेलं, जिथे बुलडोझर काही ढिगारे सपाट करत होते. तिथे म्हणे तो अंधार पडेपर्यंत हळहळत उभा होता आणि त्याने अख्खा रोल संपवला. काकूंचा फोटो त्याने एकच काढला होता, आणि तोही पायांचा.

वर्षभराने प्रदर्शनाचं पुस्तक आलं. जाड, गुळगुळीत कागद. सूनबाईने टपालाचं वेष्टण फोडलं आणि काकूंनी मला फोन करून बोलावून घेतलं, एकटीने उघडायचं नव्हतं त्यांना. आम्ही ते पान काढलं. चित्र पूर्ण पान होतं. खाली ‘अज्ञात’ नव्हतं. नावही नव्हतं. नावाच्या जागी एक आडवी काळी रेघ छापली होती, जाड, नावाएवढी लांब, आणि तिच्याखाली काहीच नाही.

शेजारी विद्वानाचा लेख होता. काकू तो मोठ्याने मराठीत सांगत गेल्या, स्वयंपाकघरात पाककृती वाचून दाखवावी तशा. “‘ह्या स्त्रीने माझ्या डोल्यांदेखत आपलं नाव लिहिलं... आणि खोडलं.’ म्हणजे कुणी? ‘हे तिचं शेवटचं चित्र. स्वतःला पुसून टाकण्याचं धाडस... तिच्या इच्छेचा मान राखून आम्ही नाव छापत नाही.’” त्या थांबल्या. “मी कधी खोडलं गं?”

मी एका कागदावर त्यांची रोमन सही काढून दाखवली आणि वरून ओळ मारली. काकू आपल्या उजव्या हाताकडे बघायला लागल्या. राग होता, पण हातावर नव्हता.

“मी खोडलं नाही,” त्या म्हणाल्या. “मी शब्द पुरा केला.”

मग आम्ही त्या माणसाला पत्र लिहिलं. मी एक ‘क’ ओळीशिवाय काढला, एक ओळीसकट. काकूंनी खाली स्पॅनिशमध्ये स्वतः चार शब्द लिहिले, की मला माझं नाव हवं आहे. सही करताना मी त्यांचं मनगट धरून बसले होते, हात परत डावीकडे निघाला तेव्हा अलगद अडवला. उत्तर म्हणून एक कार्ड आलं, प्रदर्शनाच्या जाहिरातीचं, आणि त्यावर तीच काळी रेघ. तुमचा खुलासा फार काव्यमय आहे, त्याने लिहिलं होतं, पण कलावंताच्या हाताला जे कळतं ते पुष्कळदा कलावंतालाही कळत नसतं. आणि दुसरी सही कुणाच्या तरी दडपणाखाली केलेली दिसते, त्यामुळे ती विचारात घेता येत नाही. ते कार्ड वाचून मी नळाखाली हात धुतले.

मुलाला म्हटलं, तू लिही, तुझं ऐकतील. तो म्हणाला, “वहिनी, यू डोन्ट गेट इट. ती रेघच फेमस झालीय. शी इज द पेंटर विदाऊट अ नेम. आता नाव टाकलं तर उरलं काय?” मग आईकडे वळून मोठ्याने, “आई, तुझं नाव झालं गं तिकडे!” नाव झालं म्हणे. मराठी भाषेचीच मला त्या क्षणी किळस आली.

दुसऱ्या दिवशी काकूंनी मला शाळेतून काळी शाई आणि बारीक ब्रश आणायला सांगितलं. मी ते नेऊन दिलं. त्यांनी पुस्तक मांडीवर घेतलं, ते पान उघडलं आणि त्या छापील रेघेकडे थोडा वेळ नुसतं बघितलं. मग त्यांनी रेघेच्या खाली अक्षरं लिहायला सुरुवात केली. देवनागरीत, स्वतःचं स्पेनमधलं नाव. ओळ वर तयारच होती. त्यांनी फक्त एकेक अक्षर तिला खालून टांगलं, काना, वेलांटी, सगळं जागच्या जागी. बरोबर बसलं. त्या माणसाने जणू मोजून एवढीच जागा ठेवली होती. अख्ख्या जगात त्या चित्राखाली त्यांचं नाव असलेली ती एकच प्रत, आणि ती बघताना काकू मला पंचविशीतल्या वाटल्या.

“आता कोण म्हणेल खोडलं?” त्या म्हणाल्या. शाई वाळेपर्यंत त्यांनी पुस्तक मिटू दिलं नाही.

संक्रांतीला त्यांच्याकडे हळदीकुंकू होतं. मी गेले ती काकूंसाठी. हॉल साड्यांनी भरलेला होता. टीपॉयवर पानदान नि तिळगुळाच्या शेजारी ते पुस्तक त्याच पानावर उघडं ठेवलं होतं, आणि सेक्रेटरीबाई जमलेल्या बायकांना ‘अमूर्त’ म्हणजे काय ते समजावून सांगत होत्या. ज्यांच्या चित्राचं हे कौतुक चाललं होतं त्या विधवा, त्यामुळे त्यांना आतल्या खोलीत बसवलेलं. मी पुस्तकावर वाकले. रेघ होती, काळी कुळकुळीत. रेघेखाली पांढरं होतं.

“आईंनी तिथे काहीतरी मराठीत गिरबटून ठेवलं होतं हो,” सूनबाई म्हणाली. “एवढं चांगलं पुस्तक, लोक बघायला येतात. ह्यांना बँकेतून व्हाइटनर आणायला सांगितलं. पण रेघेला जरासुद्धा धक्का लागू दिला नाही हं मी!”

मी पुस्तक उचललं आणि आत गेले. काकूंनी ते मांडीवर घेतलं. अंगठ्याच्या नखाने त्यांनी त्या पांढऱ्यावरून हळूच खरवडून बघितलं, पण ते चांगलं पक्कं वाळलं होतं आणि निघालं असतं तर कागदासकट निघालं असतं. त्यांनी नख बाजूला घेतलं आणि स्पॅनिशमध्ये एकच शब्द उच्चारला, थुंकल्यासारखा. मला स्पॅनिश येत नाही. पण त्या शब्दाला आपल्याकडे काय म्हणतात ते मला कुणी सांगावं लागलं नाही.

दारात सूनबाई वाणाचा प्लास्टिकचा डबा घेऊन उभी होती. “काय म्हणाल्या आई? आवडलं ना त्यांना?”

मी भाषांतर करून सांगितलं, जसंच्या तसं, हॉलमधल्या शेवटच्या बाईला ऐकू जाईल अशा आवाजात, आणि वाण न घेता चपला शोधायला लागले.